स्पीकरवर बसणारा दहा दिव्यांचा एलईडी मीटर : प्रत्येक रेझिस्टरचा हिशोब

आवाजाबरोबर वरखाली होणारी एलईडीची पट्टी बनवायची म्हटलं की सर्किट शोधायला वेळ लागत नाही. त्यात १.२ के, ३.३ के, १० के (के म्हणजे किलोओहम) असे रेझिस्टर दाखवलेले असतात, पण ते तेवढेच का, हे मात्र लिहिलेलं नसतं. मग आपला अ‍ॅम्प्लिफायर त्या सर्किटवाल्याच्या अ‍ॅम्प्लिफायरपेक्षा वेगळा निघाला की एक तर दहाही दिवे कायम पेटलेले राहतात, नाही तर तिसऱ्याच्या वर काही जात नाही. म्हणून इथे उलट्या बाजूने जाऊ. शेवटचा दिवा कधी पेटायला हवा हे आधी ठरवायचं आणि तिथून मागे येत एकेक किंमत काढायची. गणित आठवी-नववीचं आहे, कॅलक्युलेटर मात्र हाताशी ठेवा.

उदाहरणासाठी ५० वॉटचा, ८ ओहमचा स्पीकर चालवणारा अ‍ॅम्प्लिफायर धरू. एलएम३८८६ या चिपवर बनवलेले असे अ‍ॅम्प्लिफायर आपल्याकडे हौशी लोकांच्या घरी बरेच दिसतात. मीटरसाठी एलएम३९१५ ही अठरा पायांची चिप वापरू. तिचा पुरवठा १२ व्होल्ट डीसी.

हात लावण्याआधी एक तपासणी

तुमच्या अ‍ॅम्प्लिफायरचं स्पीकरचं काळं टोक ग्राउंडला जोडलेलं आहे का, हे आधी पाहा. अ‍ॅम्प्लिफायर बंद करून मल्टिमीटरने काळं टोक आणि पुरवठ्याचं ग्राउंड यांमधला रेझिस्टन्स मोजा. शून्याच्या जवळ आला तर पुढचं सगळं जसंच्या तसं लागू पडतं. कार स्टिरिओ, आणि टीपीए३११६ किंवा पीएएम८४०३ या चिपवर बनलेले छोटे डिजिटल बोर्ड हे ब्रिज पद्धतीचे असतात. त्यांत स्पीकरचं एकही टोक ग्राउंडला नसतं. अशा बोर्डाचं काळं टोक मीटरच्या ग्राउंडला जोडलंत तर अ‍ॅम्प्लिफायरचं आउटपुट थेट शॉर्ट होतं. ब्रिजवाल्यांसाठी वेगळी जोडणी पुढे दिली आहे, ती वाचल्याशिवाय वायर जोडू नका.

पायरी १ : वॉटचं व्होल्टमध्ये रूपांतर

चिपला वॉट कळत नाहीत, तिला व्होल्ट कळतात. पॉवर म्हणजे व्होल्टेजचा वर्ग भागिले रेझिस्टन्स, म्हणून व्होल्टेज = (वॉट × ओहम) चं वर्गमूळ. ५० × ८ = ४००, त्याचं वर्गमूळ २०. म्हणजे पूर्ण आवाजात स्पीकरवर २० व्होल्ट आरएमएस (वरखाली होणाऱ्या व्होल्टेजची परिणामकारक सरासरी).

पण चिप आरएमएस मोजत नाही, प्रत्येक क्षणाला समोर असलेलं व्होल्टेज बघते. म्हणून आपल्याला लाटेचं टोक, म्हणजे पीक व्होल्टेज हवं : २० × १.४१४ = २८.३ व्होल्ट. हा आकडा कागदावर वर लिहून ठेवा. या गुणाकाराचा विसर पडला की मीटर ३ डेसिबल जास्त दाखवतो, आणि चूक कुठे आहे हे शोधण्यात संध्याकाळ जाते.

पायरी २ : चिपच्या पोटात काय आहे

एलएम३९१५ मध्ये दहा तुलनाकार (कम्पॅरेटर, म्हणजे दोन व्होल्टेजची तुलना करणारे भाग) आहेत, दर दिव्याला एक. पिन ६ वर जे व्होल्टेज देऊ ते आतल्या रेझिस्टरच्या साखळीत विभागलं जातं आणि प्रत्येक तुलनाकाराला आपला उंबरठा मिळतो. दोन शेजारच्या दिव्यांत ३ डेसिबलचं अंतर असतं. ३ डेसिबल खाली उतरलं की पॉवर निम्मी होते, म्हणून पॉवर मीटरला ही चिप फार सोयीची पडते. दहावा दिवा ५० वॉटला लागला तर नववा २५ ला, आठवा १२.५ ला, सातवा साधारण ६ ला, सहावा ३ ला, आणि असं उतरत पहिला ०.१ वॉटला.

हिच्या दोन बहिणी आहेत. एलएम३९१४ चे टप्पे सारखे, तिचा उपयोग बॅटरीचं व्होल्टेज दाखवायला. एलएम३९१६ चे टप्पे आवाजाची पातळी दाखवणाऱ्या व्हीयू मीटरसारखे, उणे २० पासून अधिक ३ डेसिबलपर्यंत. तिघींचे पाय सारखेच असल्यामुळे दुकानात चुकून भलतीच हातात पडू शकते, तेव्हा वरचा नंबर वाचूनच घ्या.

पायरी ३ : संदर्भ व्होल्टेज

दहावा दिवा पिन ५ वर (सिग्नल इथून आत येतो) किती व्होल्ट आल्यावर पेटावा? निवड आपली आहे. मी ५ व्होल्ट घेतो. पहिल्या दिव्याचा उंबरठा दहाव्याच्या ४.५ टक्केच असतो. पूर्ण पट्टी १.२५ व्होल्टची ठेवली तर पहिला दिवा ५६ मिलिव्होल्टला पेटेल आणि वायरींमधला बारीकसारीक गोंधळही त्याला लागेल. ५ व्होल्टला तोच उंबरठा २२० मिलिव्होल्टच्या आसपास येतो. उलट १० व्होल्ट घेतले तर १२ व्होल्टच्या पुरवठ्यात वर जागाच उरत नाही.

चिप पिन ७ आणि पिन ८ यांमध्ये साधारण १.२५ व्होल्ट कायम राखते. पिन ७ ते ८ मध्ये आर१ आणि पिन ८ ते ग्राउंड आर२ लावला की पिन ७ वर मिळतं :

संदर्भ व्होल्टेज = १.२५ × (१ + आर२ ÷ आर१) + आर२ × ०.०८ मिलिअँपिअर

शेवटचा भाग पिन ८ मधून बाहेर पडणाऱ्या छोट्या करंटचा. आर२ किलोओहममध्ये घातला की उत्तर थेट व्होल्टमध्ये येतं.

आर१ साठी १.२ किलोओहम धरू (का, ते पुढच्या पायरीत). पाच व्होल्टसाठी आर२ = ३.७५ ÷ (१.२५ ÷ १.२ + ०.०८) = ३.७५ ÷ १.१२ = ३.३४ किलोओहम. बाजारात ३.३ मिळतो. तो घालून परत मोजू : १.२५ + ३.३ × १.१२ = ४.९५ व्होल्ट. झालं. पिन ७ थेट पिन ६ ला जोडा, पिन ४ ग्राउंडला.

दशांशाच्या पुढे फार डोकं लावू नका. १.२५ हा आकडा चिपगणिक १.२ ते १.३४ असा बदलतो, म्हणजे तुमचा संदर्भ ४.८ पासून ५.३ पर्यंत कुठेही येऊ शकतो. दोन्ही टोकं धरूनही चूक पाऊण डेसिबलच्या आतच राहते, आणि कानाला ती कळत नाही.

पायरी ४ : दिव्यांचा करंट

या चिपची खुबी इथे आहे. प्रत्येक एलईडीला वेगळा रेझिस्टर लागत नाही. पिन ७ मधून जेवढा करंट आपण ओढतो, त्याच्या दहापट करंट ती प्रत्येक पेटलेल्या दिव्यातून जाऊ देते. पिन ७ वर दोन गिऱ्हाइकं आहेत : आर१, आणि चिपच्या आतली साखळी. साखळीसाठी साधारण २२ किलोओहम धरतात.

आर१ मधून १.२५ ÷ १.२ = १.०४ मिलिअँपिअर. साखळीतून ४.९५ ÷ २२ = ०.२३. बेरीज १.२७, आणि दहापट म्हणजे १२.७ मिलिअँपिअर. साध्या ५ मिलिमीटरच्या एलईडीला हा करंट छान आहे. आजकालच्या पारदर्शक, जास्त उजेडाच्या एलईडी असतील तर तो डोळ्यात खुपेल. मग आर१ २.२ किलोओहम आणि त्याच सूत्राने आर२ ५.६ किलोओहम घ्या. संदर्भ ४.९ च्या आसपासच राहतो आणि दिव्यांचा करंट ८ मिलिअँपिअरपर्यंत उतरतो. लक्षात ठेवा, आर१ बदलला की दोन्ही गोष्टी हलतात, म्हणून आर२ पुन्हा काढावाच लागतो.

पायरी ५ : चिप किती तापेल

नवशिक्यांच्या सर्किटांत ही पायरी जवळजवळ नेहमीच सुटलेली दिसते, आणि चिप जळते ती इथेच. पिन ९ मोकळी सोडली तर एका वेळी एकच दिवा पेटतो. पिन ९ पिन ३ ला जोडली तर खालपासून वरपर्यंत पट्टी पेटते. आपल्याला पट्टी हवी असते, म्हणजे पूर्ण आवाजात दहाही दिवे पेटणार : १० × १२.७ = १२७ मिलिअँपिअर.

एलईडींची धन टोकं १२ व्होल्टला लावली, तर लाल एलईडी त्यातले २ व्होल्ट खाते. उरलेले १० व्होल्ट चिपला पचवावे लागतात. १० × ०.१२७ = १.२७ वॉट. चिपचा स्वतःचा करंट पुरवठ्यातून साधारण १० मिलिअँपिअर, त्याचे आणखी ०.१२ वॉट. एकूण १.३९. आणि या प्लास्टिकच्या चिपची मर्यादा आहे १.३६५ वॉट, तीही खोलीच्या साध्या तापमानाला. मे महिन्यात बंद डब्यात ती आणखी खाली येते.

उपाय सोपा आहे. दहाही एलईडींची धन टोकं एकत्र करून १२ व्होल्टला एकाच रेझिस्टरमधून जोडा. एलईडीला २ आणि चिपला २ व्होल्ट ठेवले तर ८ व्होल्ट उतरवायचे. ८ ÷ ०.१२७ = ६३ ओहम, जवळची खालची किंमत ५६ ओहम. त्यावर ७.१ व्होल्ट उतरतील आणि ०.९ वॉट उष्णता होईल, म्हणून रेझिस्टर २ वॉटचा घ्या. पाव वॉटचा काळा पडेल. दहाही दिवे पेटलेले असताना दिव्यांपोटी चिपवर आता ०.३७ वॉट. सगळ्यात जास्त उष्णता गंमत म्हणजे सातव्या दिव्याच्या आसपास होते, कारण तेव्हा ५६ ओहमवर कमी व्होल्ट उतरतात, पण तीही ०.४५ वॉटच्या पुढे जात नाही.

निळे, पांढरे किंवा नव्या प्रकारचे गर्द हिरवे दिवे ३ व्होल्टच्या वर खातात. ते वापरायचे तर रेझिस्टर ४७ ओहम करा. हाताशी ५ व्होल्टचा वेगळा पुरवठा असेल तर रेझिस्टरची गरजच नाही : धन टोकं ५ व्होल्टला आणि दोन्ही पुरवठ्यांचं ग्राउंड एकत्र. पट्टीसाठी पिन ९ मात्र तेव्हाही पिन ३ लाच.

पायरी ६ : स्पीकरचं व्होल्टेज खाली आणणं

स्पीकरवर २८.३ व्होल्ट, चिपला हवेत ४.९५. भागाकार ५.७१. दोन रेझिस्टरचा विभाजक लावायचा, ग्राउंडकडचा १० किलोओहम घेतला तर वरचा ४.७१ × १० = ४७ किलोओहम. अगदी बाजारातली किंमत आली. स्पीकरच्या लाल टोकापासून ४७ के, मग १० के ग्राउंडला, आणि दोघांच्या जोडातून सिग्नल घ्यायचा. या रेझिस्टरांवर मिलिवॉटमध्येच पॉवर पडते, पाव वॉटचे चालतात. अ‍ॅम्प्लिफायरला तर याचा पत्ताही लागणार नाही.

तुमचा स्पीकर ४ ओहमचा आणि अ‍ॅम्प्लिफायर ३० वॉटचा असेल तर? ३० × ४ = १२०, वर्गमूळ १०.९५, पीक १५.५. भागिले ४.९५ म्हणजे ३.१३. वरचा रेझिस्टर २१.३ किलोओहम, घ्यायचा २२. दहावा दिवा मग ३१ वॉटच्या जरा पुढे पेटेल.

ब्रिज अ‍ॅम्प्लिफायरसाठी : स्पीकरचं कुठलंही एकच टोक घ्या, मीटरचं ग्राउंड अ‍ॅम्प्लिफायरच्या पुरवठ्याच्या वजा टोकाला जोडा, दुसऱ्या टोकाला हात लावू नका. त्या एका टोकावर निम्म्या पुरवठ्याएवढं स्थिर व्होल्टेज असतं. ते अडवायला विभाजकाआधी १ मायक्रोफॅरडचा कपॅसिटर घाला. एका टोकावर सिग्नल निम्माच असल्याने हिशोब २८.३ ऐवजी १४.१ वर करा, वरचा रेझिस्टर १८ किलोओहम येतो. ही मांडणी थोडी कमी अचूक आहे, पण सुरक्षित आहे.

पायरी ७ : दिवे थरथरू नयेत म्हणून

विभाजकाचा जोड थेट पिन ५ ला लावला तरी मीटर चालतो. ही पिन उणे आणि अधिक ३५ व्होल्टपर्यंत सहन करते, त्यामुळे लाटेच्या खालच्या अर्ध्या भागाने काही बिघडत नाही. पहिल्यांदा असाच लावून बघा, असा माझा आग्रह आहे. दिवे फक्त वरच्या अर्ध्या लाटेत पेटतात म्हणून वरचे जरा मंद दिसतात, पण सर्किट बरोबर आहे की नाही ते लगेच कळतं.

मग पीक धरून ठेवणारा भाग जोडा. नुसता डायोड आणि कपॅसिटर लावायचा मोह होईल, पण १एन४१४८ डायोड ०.६ व्होल्ट खातो, आणि आपले खालचे तीन दिवे ०.२२, ०.३१ आणि ०.४४ व्होल्टला पेटायचे आहेत. ते मेलेच समजा. म्हणून आधी एक पीएनपी ट्रान्झिस्टर, बीसी५५७, घालायचा. बेस विभाजकाच्या जोडाला, कलेक्टर ग्राउंडला, एमिटर २२ किलोओहममधून १२ व्होल्टला. पीएनपीचा एमिटर बेसपेक्षा ०.६ व्होल्ट वर राहतो. तिथून डायोडमधून खाली आलं की ०.६ परत वजा होतात. हिशोब जवळपास फिटतो, आणि उकाड्यात दोन्ही व्होल्टेज बरोबरीने सरकत असल्यामुळे फरकही फार पडत नाही.

२२ किलोओहमच का? लहान घेतला तर ट्रान्झिस्टरचा करंट वाढतो, त्याबरोबर बेसचा करंट वाढतो, आणि तो विभाजकातून जाताना शांततेतही काही मिलिव्होल्ट उभे करतो. २२ के ला हे प्रमाण २० मिलिव्होल्टच्या आसपास राहतं, पहिल्या दिव्याच्या उंबरठ्याच्या दहाव्या भागाइतकं. फार मोठा घेतला तर कपॅसिटर भरायला करंट पुरत नाही.

डायोडच्या पुढे कपॅसिटर १ मायक्रोफॅरड आणि त्याला समांतर रेझिस्टर ४७० किलोओहम, दोन्ही ग्राउंडला. वरचं टोक पिन ५ ला. यांचा गुणाकार १ × ०.४७ = ०.४७ सेकंद. व्होल्टेज दहा पटींनी, म्हणजे २० डेसिबलने, उतरायला याच्या २.३ पट वेळ लागतो : १.०८ सेकंद. गाण्याच्या ठेक्याबरोबर पट्टी वर उडते आणि डोळ्याला दिसेल अशी खाली येते. जास्त चपळ हवी असेल तर रेझिस्टर २२० के करा, पट्टी अर्ध्या सेकंदात उतरेल.

रेझिस्टर १ मेगओहमपर्यंत वाढवून पट्टी आणखी संथ करावी असं वाटेल, तर थांबा. पिन ५ मधून नगण्य का होईना करंट बाहेर येतो, सहसा २५ नॅनोअँपिअर, पण १०० पर्यंत असू शकतो. १ मेगओहमवर १०० नॅनोअँपिअर म्हणजे १०० मिलिव्होल्ट, पहिल्या दिव्याच्या उंबरठ्याच्या जवळजवळ निम्मे. संथ हवी असेल तर कपॅसिटर २.२ मायक्रोफॅरडचा करा. तो पॉलिएस्टरचा घ्या, इलेक्ट्रोलिटिकमधून गळती होते.

जोडणी

पायांचा क्रम जरा चमत्कारिक आहे. पहिला दिवा पिन १ ला, पण दुसरा पिन १८ ला, तिसरा १७ ला, आणि असं उतरत दहावा पिन १० ला. पिन २ ग्राउंड, पिन ३ अधिक १२ व्होल्ट.

ग्राउंडची वायर मात्र जपून. पिन २ मधून दिव्यांचा सगळा १२७ मिलिअँपिअर परत जातो. ब्रेडबोर्डच्या सैल खाचेत अर्धा ओहम जरी असला तरी ६० मिलिव्होल्टची उडी बसते, आणि विभाजकाचा १० के, पिन ४ किंवा ४७० के त्याच वाटेवर बसलेला असेल तर दिवे आपापसात लुकलुकायला लागतात. म्हणून ही सगळी ग्राउंडं पिन २ च्या अगदी बुडाशी एकत्र आणा आणि तिथून पुरवठ्याकडे एकच जाड वायर न्या. एलईडींच्या धन टोकापासून पिन २ पर्यंत १० मायक्रोफॅरडचा कपॅसिटर लावा. दिव्यांच्या वायरी वीतभर लांब असतील तर त्याच्याशिवाय चिप दोलायमान होते, म्हणजे सिग्नल नसतानाही आउटपुट आपोआप वरखाली होऊ लागतं.

सामान मुंबईत लॅमिंग्टन रोडवर किंवा पुण्यात तपकीर गल्लीत एका फेरीत मिळेल. रेझिस्टर १ टक्क्याचे मेटल फिल्म मागा.

तपासणी

स्पीकर न जोडता आधी पिन ७ आणि ८ यांमधलं व्होल्टेज मोजा. १.२ ते १.३४ यात नसेल तर चिप खराब आहे किंवा बनावट आहे, पुढे जाऊ नका. मग पिन ६ ते ग्राउंड मोजा, पाच व्होल्टच्या आसपास यायला हवं.

आता १० किलोओहमचा पॉट (फिरवून कमीजास्त करता येणारा तीन पायांचा रेझिस्टर) घ्या. एक टोक १२ व्होल्टला, दुसरं ग्राउंडला, मधला पाय पिन ५ ला. सुरुवात ग्राउंडच्या बाजूने करा आणि हळूहळू वर जा. दिवे या व्होल्टेजला पेटायला हवेत :

पहिला ०.२२, दुसरा ०.३१, तिसरा ०.४४, चौथा ०.६२, पाचवा ०.८८, सहावा १.२४, सातवा १.७६, आठवा २.४८, नववा ३.५०, दहावा ४.९५.

तुमचा संदर्भ ५.१ आला असेल तर सगळे आकडे त्याच प्रमाणात वाढवा. मधलाच एखादा दिवा पेटत नसेल तर तो उलटा बसला आहे. वरचे पेटतात आणि खालचे नाहीत, असं दिसलं तर पिन ९ पिन ३ ला नीट जोडलेली नाही.

हे जमलं की पॉट काढून स्पीकर जोडा. मोबाइलवरच्या टोन जनरेटरवरून १०० हर्ट्झचा सूर द्या, कारण साधे मल्टिमीटर जास्त हर्ट्झला एसी चुकीचं दाखवतात. स्पीकरच्या टोकांवर एसी रेंजमध्ये मोजत आवाज सावकाश वाढवा. पाचवा दिवा ०.८८ × ५.७ ÷ १.४१४, म्हणजे ३.५५ व्होल्टच्या सुमारास पेटला पाहिजे. हे फक्त दीड वॉट आहेत, शेजाऱ्यांना त्रास होणार नाही. पीक धरून ठेवणाऱ्या भागामुळे पाव-अर्धा डेसिबल इकडेतिकडे होईल, ते चालतं. एक पूर्ण दिवा पुढे किंवा मागे असेल तर विभाजकातला वरचा रेझिस्टर मोजून बघा : ४७ के ऐवजी ३३ के किंवा ६८ के हातात आलेला असण्याची शक्यता सगळ्यात जास्त.